मुरबे नावाची ओळ

विलासदादाच्या कंप्युटरला आम्ही हार घातला आणि ऑफिस बंद पाडलं.

आज त्याला जाऊन वर्ष झालं, म्हणून लिहितेय.

बोईसर एमआयडीसीतलं आमचं छोटं ड्रॉइंग ऑफिस. दादा सीनियर डिझायनर, आणि कंप्युटरचा डॉक्टरही तोच. तो गेला तेव्हा सरांनी त्याचं मशीन बंद केलं, वर झेंडूचा हार घातला, समोर दिवा लावला. म्हणाले, दहावं होईपर्यंत कुणी हात लावायचा नाही.

दुसऱ्या दिवशी एकाही मशीनवर ड्रॉइंगचं सॉफ्टवेअर उघडेना. स्क्रीनवर एकच मेसेज:

"लायसन्स सर्व्हर सापडत नाही." म्हणजे सॉफ्टवेअर वापरायची परवानगी ज्या मशीनवरून मिळते, तेच सापडेना.

तिकडे ज्या कंपनीचं काम होतं, तिथे शटडाउन चालू, दुरुस्तीसाठी अख्खा प्लांट बंद. पाइपलाइनचं ड्रॉइंग दुपारपर्यंत द्यायचं होतं. दादानेच मिळवलेलं काम, त्याच्याच हातून अर्धं राहिलेलं. साइटवरून सारखा फोन, "मॅडम, ड्रॉइंग कब मिलेगा? फिटर खाली बैठा है."

अशा वेळी दादा म्हणायचा, "घाबरतेस कशाला गो, मी हाय ना."

आता तोच नव्हता.

सॉफ्टवेअरवाल्यांना फोन लावला. ते म्हणाले, होस्ट्स फाइल बघा. कुठल्या नावाचं मशीन कुठल्या पत्त्यावर आहे, हे कंप्युटर आधी त्यात बघतो.

उघडली. खाली एकच ओळ. आकड्यांचा पत्ता, पुढे नाव: मुरबे.

दादाचं गाव!

मग आठवलं. राउटर बदलला तेव्हा तो एकेका मशीनवर बसून काहीतरी टाइप करत होता. मी विचारलं, "हे काय दादा?"

"मशिनीला घरचा रस्ता सांगतो हाय."

म्हणजे मुरबे हे दादाच्याच मशीनचं नाव, आणि लायसन्स त्याच्यावर. आणि तेच आम्ही हार घालून बंद केलेलं.

सर म्हणाले, "घरच्यांना विचारल्याशिवाय नको." मी वहिनींना फोन लावला. सुतकाच्या घरी असलं विचारायचं, जीभ उचलेना.

वहिनी म्हणाल्या, "लाव गो. तो काय काम आडवनारा मानूस होता?"

हार तसाच ठेवून बटण दाबलं. स्क्रीनवर पासवर्डची चौकट आली. पासवर्ड कुणालाच माहीत नव्हता. संपलं सगळं, असं वाटलं.

तेवढ्यात पलीकडच्या मशीनवरून आमचा ज्युनियर नितीन ओरडला, "ताई, उघडलं!"

मशीन चालू होताच, पासवर्ड न टाकताही, लायसन्स मागच्या मागे आपोआप सुरू झालं होतं. ड्रॉइंग वेळेत गेलं. मी मात्र बाथरूममध्ये जाऊन रडले.

त्यानंतर वर्षभर ते मशीन आम्ही बंदच केलं नाही. लाइट गेली की मी आधी त्याच्याजवळ धावायचे. यूपीएसची टिकटिक ऐकत उभी राहायचे.

या आठवड्यात लायसन्ससाठी नवा सर्व्हर आला. आज सकाळी बाकी सगळ्या मशीनवरची जुनी ओळ मी पुसली.

माझ्या मशीनवरची पुसवेना. तिच्या आधी फक्त # टाकला. तसं केलं की कंप्युटर ती ओळ वाचत नाही, पण ओळ जागेवर राहते.

मग दादाचं मशीन बंद केलं.

त्याच्याशिवायही ऑफिस चालूच राहिलं.

वर्षभर मला याचीच भीती वाटत होती, दादा.

नमस्कार करते. निवांत राहा.