निशाद्वीपाची पोथी

ट्यूबलाइटकडे बोट दाखवायचं, डोळे अर्धे मिटायचे आणि म्हणायचं, "हा उजेड उसना आहे." मग बायकोने उठून ट्यूब बंद करायची आणि समईच्या उजेडात पोथी उघडायची. चार-पाच वर्षांमागे, ऐंशी सालच्या आसपास, वाशीतल्या आमच्या इमारतीत दर रविवारी दिवेलागणीला हा तमाशा चाले. असा एखादा महाभाग तुमच्याही शेजारी राहून गेला असेल.

आमचा महाभाग वरच्या मजल्यावर राहायचा आणि माझ्याच कचेरीत कारकून होता. पोथी हिमालयातल्या एका साधूने दिली असं सांगायचा. स्वारी पनवेलच्या पलीकडे कधी गेली नव्हती. भगव्या कापडातली ती 'प्राचीन' पानं म्हणजे आमच्या कचेरीतले फुलस्केप कागद, चहात बुडवून पिवळे केलेले. समासाची लाल रेघसुद्धा तशीच दिसायची. पण समईच्या उजेडात बघतो कोण!

पोथीत निशाद्वीप नावाचा मुलूख होता. तिथे सूर्य नाही. लोक उजेड रांजणात भरून ठेवतात आणि काळोख नदीसारखा दारावरून वाहतो. त्या नदीत जो डोळे मिटून उतरेल त्यालाच राजा तेजोधर भेटतो. हे ऐकून पेन्शनीत निघालेले शहाणे लोक माना डोलवायचे. जवळच्या दिवाळे गावातून मासे विकायला येणारी कोळीण एकदा जिन्यात थांबून ऐकत होती. टोपली उचलत म्हणाली, "आमाला काळोखान म्हावरा गावतो, राजा कदी नाय गावला." साऱ्या इमारतीत अक्कल असलेली तेवढी एकच बाई, आणि ती तिथे राहत नव्हती.

मला नुसतं हसू येत होतं तोवर ठीक होतं. मग माझ्या आईच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन करा. आई म्हणाली, "नको रे. पडदा येतोय तो येऊ दे. मिटल्या डोळ्यांनाच राजा दिसतो, पोथीत आहे तसं."

माझं टाळकं सटकलं. मी तसाच वर गेलो.

"ती आंधळी होईल. हे थोतांड तुम्हीच लिहिलंय, एवढंच तिला सांगा."

"पोथी माझी नाही हो, मी फक्त वाचणारा," तो पुटपुटला.

त्याची बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून त्याच्याकडे बघत होती. कचेरीत साहेबाची बोलणी खाणाऱ्या या माणसाला आठवड्यातून एकदा लोक वाकून नमस्कार करायचे. ते सोडायची त्याची छाती नव्हती. मी तोंडाला येईल ते बोललो आणि खाली आलो.

पुढच्या रविवारी आईचा हात धरून वर गेलो, ते भांडणाच्या तयारीनेच. त्याने नेहमीचं बोट दाखवलं, ट्यूब बंद झाली, पोथी उघडली. शेवटचं पान ओलसर होतं, आधीच्या पानाला चिकटलं होतं. ते नखाने सोडवून तो वाचू लागला.

"मग पश्चिमेकडून एक वैद्य आला. त्याने म्हातारीच्या डोळ्यांवरचा पडदा काढला. राजा म्हणाला, मिटलेले डोळे मला नकोत. उघड्या डोळ्यांनी ये, मी वाट बघतोय."

"मागे तर उलटं होतं!" एक पेन्शनर ओरडले. "आणि हे पान ओलं कसं?"

सगळे हसायला लागले. तेच पान त्याने पुन्हा पहिल्यापासून वाचलं, माझ्या आईकडे तोंड करून, सावकाश.

आईचं ऑपरेशन झालं. सोडावॉटरच्या बाटलीच्या बुडासारखा जाड चष्मा लागला. वर बैठकीला मात्र कोणी येईनासं झालं. कचेरीत लोक त्याला 'राजे' म्हणून चिडवायचे. काही महिन्यांनी त्याने बदली मागून घेतली. जायच्या दिवशी मी घरात नाही असं बघून आला आणि पोथी आईच्या हातात ठेवून गेला.

आई रोज संध्याकाळी ट्यूब लावते आणि ती पोथी वाचत बसते. पहिल्याच दिवशी तिने ते शेवटचं पान नाकाशी धरलं होतं. "मेल्याने आल्याच्या चहात बुडवलंय," असं म्हणून ती हसली, आणि मग चष्मा काढून बराच वेळ डोळे पुसत बसली.

मी त्याला आजही भोंदूच म्हणतो. फक्त आईसमोर म्हणत नाही.