तापलेल्या काचेवर कुंकू

दसऱ्याच्या दिवशी मी एका कॉम्प्युटरला ओलं कुंकू लावलं आणि तो बंद पाडला.

कॉम्प्युटर माझा नव्हता, हे आणखी वाईट. इथल्या, म्हणजे इंग्लंडमधल्या, एका विद्यापीठानं १९५०च्या सुमारास खोलीभर पसरलेलं व्हॉल्व्हचं एक मशीन बांधलं होतं. ते केव्हाच भंगारात गेलं. आता निवृत्त इंजिनिअरांची एक मंडळी दर शनिवारी एका शेडमध्ये जमून त्याची हुबेहूब प्रत उभी करत होती. व्हॉल्व्ह म्हणजे आपल्या जुन्या रेडिओत असायच्या तशा काचेच्या नळ्या. चालू झाल्या की लालसर उजळायच्या आणि चांगल्याच तापायच्या. तापतात, हे मला ठाऊक होतं. तरीही.

मी तेव्हा ब्रॅकनेलला एका कंपनीत सॉफ्टवेअर लिहायचो. 'मला कॉम्प्युटरमधलं कळतं,' असं सांगून त्या मंडळीत शिरलो. पहिल्याच शनिवारी त्यांना काय ते कळलं आणि चहा आणि झाडू ही दोन खाती माझ्याकडे आली. तिसरं खातं मी आपणहून घेतलं, बडबडीचं. ते त्यांनी सभ्यपणे सहन केलं.

तिथे एक वयस्कर बाई यायच्या. मनातल्या मनात मी त्यांना काकू म्हणायचो. तरुणपणी त्या मूळ मशीनला गणितं भरवायला कागदी पट्ट्यांवर भोकं पाडायच्या आणि त्यांचे यजमान ते मशीन सांभाळायचे. तिथेच जमलं दोघांचं. आता काका केअर होममध्ये होते. सगळं विसरले होते. काकूंना ते 'नर्स' म्हणून हाक मारायचे. एकच गोष्ट राहिली होती. त्या मशीनला एक स्पीकर जोडलेला असे. गणित चालू असलं की त्यातून वरखाली होणारं गुणगुणणं यायचं, आणि त्यावरून गाडं नीट चाललंय की कुठे अडकलंय ते समजायचं. काका खिडकीशी बसून दिवसभर तेच गुणगुणत. होममधल्या मुलींना वाटे, म्हातारा आपला गातोय.

"एकदा त्याला खरं ऐकवायचंय," काकू म्हणाल्या.

"ओळखतील?" मी विचारलं.

"कोणाला?" म्हणाल्या आणि कप विसळायला उठल्या. तेव्हा मात्र मी गप्प बसलो. क्वचित बसतो.

काकांना आणायचा शनिवार ठरला तो नेमका दसऱ्याचा निघाला. सकाळी घरी बायकोनं लॅपटॉपला आणि गाडीला हळदकुंकू वाहिलं, वर गार्डन सेंटरमधला झेंडू. मी निघताना कुंकवाची डबी उचलली तशी ती म्हणाली, "अरे, ती कुठे नेतोयस?" मी म्हटलं, "आमच्या आजोबांना." ज्या धंद्यावर आमचं पोट भरतं त्याचा हा मूळपुरुष, आणि आज त्याला बिनपूजेचा ठेवायचा? शिवाय खरं सांगायचं तर मला काकांसाठी काहीतरी करायचं होतं, आणि मला एवढंच येत होतं.

मंडळी काकांची व्हीलचेअर उतरवायला बाहेर गेली. मशीन तापून तयार होतं, स्पीकरमधून मंद गुणगुण येत होती. कोरडं कुंकू काचेवर ठरेना. म्हणून मी बोट चहाच्या किटलीशेजारच्या गार पाण्यात बुडवलं, कुंकवात फिरवलं आणि समोरच्या व्हॉल्व्हला, कपाळाला लावतात तसं, ठसठशीत बोट लावलं.

टक्.

काच तडकली. कुंकवाचं पाणी खाली सॉकेटमध्ये ओघळलं, मागे कुठेतरी काहीतरी फाटकन उडालं आणि गुणगुण थांबली.

मंडळींचे प्रमुख धावत आले. "हे लाल काय आहे?"

"पूजा."

"कशाची?"

"ह्याचीच. मशीन नीट चालावं म्हणून."

त्यांनी चष्मा काढून पुसला. "बरं," ते म्हणाले.

मी दसऱ्याचं महत्त्व सांगायला लागलो. आजही ते आठवलं की मानेपर्यंत लाज चढते. पॉवर सप्लाय जळाला होता, त्या दिवशी काही होण्यासारखं नव्हतं, आणि दारातून काकूंनी व्हीलचेअर आत ढकलली होती. काकांना टाय बांधला होता. ते मशीनकडे पाहत राहिले. मग तो लाल ओघळ त्यांना दिसला.

"कुणाला लागलं?" त्यांनी विचारलं.

काकूंनी त्यांच्या गुडघ्यावरचं पांघरूण सारखं केलं. थोड्या वेळानं काका स्वतःच गुणगुणायला लागले. त्या शेडमध्ये तेवढाच आवाज होता. मग त्यांना थंडी वाजायला लागली, आणि काकू त्यांना परत घेऊन गेल्या.

दुरुस्तीला महिने लागले. काका त्याआधीच, नाताळच्या सुमारास गेले. फ्युनरलला मी मागच्या बाकावर बसलो. तिथे ऑर्गन वाजला. चांगला वाजला असेल.

पुढे मशीन सुरू झालं तेव्हा काकू एकट्याच आल्या. कोट न काढता स्पीकरजवळ खुर्ची ओढून बसल्या. मी लांब भिंतीला टेकून, दोन्ही हात खिशात घालून उभा. बटण दाबलं गेलं, नळ्या उजळल्या आणि ती गुणगुण सुरू झाली. काकांची अगदी तश्शी होती, फक्त त्यात श्वास घ्यायला थांबणं नव्हतं. काकूंनी डोळे मिटले.

मला राहवलं नाही. जवळ जाऊन म्हटलं, "त्या दिवशीबद्दल मला खरंच फार वाईट वाटतं. म्हणजे आमच्याकडे असं असतं की..."

त्यांनी डोळे उघडले नाहीत. फक्त हात वर केला.

"तेव्हाही तू मध्येच आलास. आता तरी गप्प बस, मला ऐकू येत नाहीये."