तांडेलाचं आमंत्रण

माझा नवरा तांडेल होता, म्हणजे होडीवरचा मुख्य माणूस, आणि होडीही आमचीच. त्यामुळे तो गेला असं सांगितलं की लोक लगेच समुद्राकडे बघतात. मग मला सांगावं लागतं, की नाही हो, समुद्राने काही केलं नाही. तो अंगणात, प्लास्टिकच्या खुर्चीत बसून जाळं सांधताना गेला. वैशाखातली सकाळ होती. मी चहा घेऊन बाहेर आले तर मान खाली. मला वाटलं गाठ बघतोय. कप कठड्यावर ठेवला आणि थंड होईल म्हणून एकदा ओरडलेसुद्धा.

रडू आलं नाही. बायकांनी प्रयत्न खूप केले. 'रडवा गो तिका,' म्हणत एकीने माझे खांदे गदागदा हलवले. मला तिच्या तोंडाचा मशेरीचा वास तेवढा आठवतो. बर्फाच्या पेटीतून बांगडे काढून काढून बोटं बधिर होतात, सुरी लागली तरी रक्त बघूनच कळतं, तसं माझं सगळंच झालं होतं. दहाव्याला पान ठेवल्या ठेवल्या कावळा शिवला. लोक म्हणाले, सुखाने गेला, मागे इच्छा राहिली नाही. मी म्हटलं, बरं.

आमचं घर मालवणच्या वर, आचऱ्याच्या वाटेला. मूलबाळ झालं नाही, आणि तो विषय आमच्याकडे केव्हाच बोलून संपला होता. घरात उरलो मी आणि सासू. मागच्या दोन खोल्या मी पर्यटकांना देते, त्यामुळे फोन सतत हातात. पावसाळ्यात होड्या वर ओढलेल्या असतात, पर्यटकही नसतात. तो पावसाळा कसा गेला विचाराल तर मला सांगता येणार नाही. भात शिजवला असेल, कपडे सुकले नसतील, एवढंच.

नारळी पौर्णिमा झाली. चौघा खलाश्यांपैकी वयाने मोठा होता त्याने सुकाणू धरायचं ठरलं. माझ्या नवऱ्याबरोबर वीस-बावीस वर्षं काढलेला माणूस, शब्दाला पक्का. होडी कधी लोटताय विचारायला मी माणूस धाडणार होते, तर तोच दारात आला. नेहमी सरळ स्वयंपाकघरापर्यंत येणारा, त्या दिवशी पायरीही चढला नाही.

"वहिनी," तो म्हणाला, "तांडेल बोलवता."

मला वाटलं, सकाळी सकाळी घेऊन आलाय. पण त्याने फोन पुढे केला. माझ्या नवऱ्याचा फोटो होता. होडीच्या टोकावर उभा, गॉगल लावलेला, पोट आत ओढून धरलेलं. खाली लिहिलं होतं, की ह्यांनी तुम्हाला खेळायला बोलावलं आहे. तो रंगीत फळं जुळवायचा खेळ, एका ओळीत तीन आली की फुटतात तो.

"रोज येता," तो म्हणाला. "दुपारचा. आमका चौघांकय."

मी म्हटलं, कोणीतरी अकाउंट हॅक केलं असेल. हॅक हा शब्द आमच्याकडे आता सगळ्यांना ठाऊक आहे, पण त्याने मान हलवली. "असात. पण नाव तेचा, फोटो तेचो. पोरां होडयेर चढूक तयार नाय."

गेलेल्या माणसाने हाक मारली तर ओ द्यायची नाही, आणि पाण्यावर तर मुळीच जायचं नाही, हे आमच्या किनाऱ्यावर कोणाला शिकवावं लागत नाही. मी त्याच्याशी वाद घातला. म्हटलं, कावळा लगेच शिवला होता ना, तुझ्या डोळ्यांदेखत.

"कावळ्याक मोबाईलमधला काय कळता?" तो म्हणाला.

मग मी त्याचाच फोन घेतला आणि दाखवलं, की हे बघ, ही तीन टिंबं, हे दाबलं की ब्लॉक, म्हणजे त्याच्याकडून काहीच येणार नाही. त्याने फोन माझ्या हातातून जवळजवळ ओढून घेतला. "तांडेलाक ब्लॉक करू? तेच्या हातचा खाल्ललो माणूस मी."

"म्हणजे बोलावणा नको, आणि तेका बंद पण करुचा नाय," मी म्हटलं. "मग मी काय करू? वर जावन सांगान येव तेका?"

"तसा नाय म्हणत मी," असं म्हणून तो गेला. पण होडी वाळूवरच राहिली.

पुढे गाऱ्हाणं घालायचं निघालं. देवळासमोर नारळ ठेवून गावातल्या जाणत्याने हात जोडले. "बा देवा म्हाराजा, गेलेलो माणूस मोबाईलच्या वाटेन पोरांका हाक मारता, तेचा काय रवला-चुकला असात तर मानून घे आणि तेका शांत कर रे म्हाराजा." सगळे म्हणाले, "व्हय म्हाराजा." मीही म्हटलं. नारळ फुटला, खोबऱ्याचे तुकडे हातावर पडायला लागले, आणि तेवढ्यात चार खिशांत चार फोन एकामागून एक वाजले. कोणी खिशात हात घातला नाही. खोबरं चघळत सगळे नुसते उभे राहिले. एरवी मी पोट धरून हसले असते.

बाजूच्या होड्या बांगड्याने भरून येत होत्या. आमची जिथे होती तिथेच, आणि तिच्या सावलीत कुत्रे झोपायला लागले होते. आमच्या खलाश्यांना दुसऱ्या होड्यांवरून बोलावणी यायला लागली होती, आणि ती जिवंत माणसांची होती. त्यांना किती दिवस थांबवणार? चौघे गेले की होडी विकावी लागणार हे मला स्वच्छ दिसत होतं. त्याचं अंगण, त्याची खुर्ची, सगळं माझ्याजवळ होतं, पण तो स्वतः जर कुठे असलाच तर त्या होडीत होता. ती गेली असती तरी मला काहीच वाटलं नसतं, आणि मला भीती वाटत होती ती नेमकी त्याचीच.

मी कपाट उघडलं. त्याचं घड्याळ होतं, पाकीट होतं. फोन नव्हता.

दुपारची जेवणं झाली होती. सासूच्या खोलीतून बारीक वाजण्याचा आवाज येत होता, टिंग टिंग असा. तो आवाज मी कित्येक दिवस ऐकत होते आणि शेजारच्या पोराच्या माथी मारत होते. आत गेले तर म्हातारी कुशीवर पडलेली, चष्मा नाकावर, फोन चष्म्याला लावलेला.

"आई, ह्यो फोन हय कसो?"

लपवालपवी काहीच नाही. "कपाटात टाकलेलस, बॅटरी मरान गेलेली तेची," ती म्हणाली. "मी चार्ज करतंय."

"आणि ह्या काय चल्ला?"

"तेचो खेळ अर्धो रवलो हुतो. तो पुढे न्हेतंय."

आदल्या वर्षीच्या पावसाळ्यात, होड्या बंद असताना, मायलेक दोघं ह्याच खाटेवर बसून तो खेळ खेळत. ती बोट दाखवायची, तो दाबायचा. एखाद्या ठिकाणी वाट अडली की पडद्यावर दोन बटणं येतात, एक तांबडं आणि एक हिरवं. "हिरवा दाबूचा, असा तेनीच शिकवल्यान माका," सासू म्हणाली. "हिरवा दाबला की माणसां बोलवता. ती इली की वाट सुटता."

"खंयची माणसां?"

"माका काय म्हायत? तेचीच असतली."

मी तिला सगळं सांगितलं. खलाशी, होडी, गाऱ्हाणं. तिने चष्मा काढून पदराला पुसला. "घाबरतत?" ती म्हणाली. "माझ्या झिलाक घाबरतत?" मग फोन माझ्यापुढे धरला. "घे तर. बंद करून टाक." पण अंगठा काही तिने फोनवरून काढला नाही.

खरं तर तो खेळ बंद करणं हे एका मिनिटाचं काम होतं. सेटिंगमध्ये जाऊन अकाउंटपासून खेळ तोडायचा की झालं. मी तिथपर्यंत गेलेसुद्धा. तर खाली ओळ आली, की तुमची खेळातली प्रगती पुसली जाईल. त्या खेळात एक लांबच लांब वाट असते आणि आपण जिथे पोचलो तिथे आपला फोटो गोल चकतीत उभा असतो. त्याची चकती बघितली. तो गेल्यापासून बराच पुढे आला होता.

मी मागे फिरले. म्हटलं, दुसरं काहीतरी बघू.

खेळ चालू ठेवायचा आणि आमंत्रण कोणालाच जाऊ द्यायचं नाही, ह्याला एकच रस्ता होता. बोलवायला माणूसच उरता कामा नये. रोज सकाळी भात चुलीवर चढवला की मी त्याचा फोन घेऊन बसायचे आणि त्याची माणसं कमी करायचे. नाव, फोटो, तीन टिंबं, मैत्री काढा, खात्री आहे का, हो. सगळ्यात आधी चौघे खलाशी. मग ओरोसच्या ऑफिसातले साहेब, गोव्याचे व्यापारी, त्याच्या वर्गातली मुलं, अख्खा तालुका. खात्री आहे का, म्हणून प्रत्येक वेळी विचारतात. बाराव्याचं जेवून माणसं उठतात, कोणी सांगून जातं, कोणी चप्पल शोधत तसंच जातं, तसं ते चाललं होतं. मला काही वाटत नव्हतं. एकदा भात करपला.

खलाश्यांचे फोन आता वाजेनासे झाले. चार दिवस काही आलं नाही तेव्हा मोठा खलाशी पायरी चढून थेट स्वयंपाकघरात आला. "गाऱ्हाण्यान काम केला, वहिनी. जरा उशीर लागलो, पण केला." मी म्हटलं, देवाची कृपा. कावळा बसायला आणि फांदी मोडायला. त्याला खरं सांगून काय मिळवणार होते? दुसऱ्या दिवशी होडी पाण्यात गेली. मी बघायला गेले नाही, घरातूनच इंजिनचा आवाज ऐकला.

त्याच्या यादीत शेवटी एकच नाव राहिलं होतं, माझं. ते काढायला अंगठा नेला आणि थांबले. आतापर्यंत डोक्यातच आलं नव्हतं, की चौघा खलाश्यांना रोज बोलावणं येत होतं आणि मला एकदाही आलं नाही. फोन तर दिवसभर माझ्या हातात.

मग आठवलं. आदल्या वर्षी त्याच पावसाळ्यात तो मलाही बोलवायचा. खाटेवरून, आतल्या खोलीतून, दिवसातून पाच-सहा वेळा. फोन वाजला की मला वाटायचं दिवाळीचं बुकिंग आलं, हातातलं टाकून धावायचे, आणि बघते तर हा. एक दिवस मी तरातरा आत गेले. म्हटलं, "तोंड नाय काय रे तुका? घरात बसून बायकोक आमंत्रणां धाडतस." तो हसत होता. "एक डाव खेळ तरी," म्हणाला. मी म्हटलं, मला कामं आहेत. तेव्हा त्याने माझा फोन घेतला, काहीतरी दाबलं आणि परत दिला. "घे. आता नाय त्रास देवचंय."

रागाने नाही म्हणाला. मी फोन घेऊन बटाटे चिरायला गेले.

माझ्या फोनमध्ये शोधलं तर सापडलं. थांबवलेली आमंत्रणं, आणि खाली एकच नाव. ते मी काढून टाकलं. त्याच्या यादीत माझं नाव तसंच ठेवलं, आणि फोन सासूला देऊन म्हटलं, खेळा तुम्ही, आता कोणाला त्रास नाही.

आता गंमत अशी झाली, की सासू काही केल्या अडेना. एकेक घर पार करत चालली. कधी नव्हे ते मी सासू हरण्याची वाट बघत होते. दुपारी काम काढून तिच्या दाराशी बसायचे, कान आत.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी मोठ्या खलाश्याने होडीवरचे बांगडे आणून दिले, आमच्या वाट्याचे. बर्फातले, कडक. मी ते पातेल्यात घेऊन साफ करत होते. फोन खिडकीत होता. तो वाजला.

होडीच्या टोकावर उभा. गॉगल. पोट आत ओढलेलं. ह्यांनी तुम्हाला खेळायला बोलावलं आहे.

हात माशांनी भरलेले होते. बोटाच्या पेराने हिरवं दाबलं.

"इला गो," आतून सासूचा आवाज आला, "कोणतरी इला. वाट सुटली." मग थोडं थांबून, "ह्यो फोटो तुझो दिसता."

"होय," मी म्हटलं. "मी इलंय."

अख्खा पावसाळा बोलवत होता माणूस. आले, तर अशी आले. मी हात धुवायला गेले तेव्हा बोटांना कळ लागली, बर्फातून बाहेर आल्यावर लागते तशी, आणि ती बोटांपुरती राहिली नाही. नळ चालू होता. मोरीशी उभी राहून मी मोठ्याने रडले. तो गेल्यावर पहिल्यांदा, आणि चांगली शेजाऱ्यांना ऐकू जाईल इतकी.

सासूने मला रडू दिलं. मग आतून म्हणाली, "आता इलस, तर हय येवन बस."

मी नळ बंद केला आणि तिच्या खाटेवर जाऊन बसले. तिने फोन दोघींच्या मधे धरला आणि कुठे दाबायचं ते बोटाने दाखवलं.