निबारणने केलेला प्रधान

सोनाडांगाच्या पंचायतीत निबारण धाडा सव्वीस वर्षं शिपाई होता. प्रधान, म्हणजे तिथले सरपंच, गोपेश्वर सामंत यांच्यावर छत्री धरायची, त्यांना पान लावून द्यायचं, आणि एकाच पुलाच्या पायाचा दगड त्यांनी तिसऱ्यांदा बसवला तरी टाळ्यांना आपण सुरुवात करायची, ही त्याची कामं.

कलकत्त्याहून सिनेमावाले आले, तेव्हा गावाचं नाव होईल म्हणून प्रधानांनीच परवानगीच्या कागदावर न वाचता सही ठोकली. सिनेमा होता एका थापाड्या प्रधानावर! ऐन वेळी मुख्य नट आजारी पडला. चहा देता देता निबारणने सहज दाखवलं, की आश्वासन देण्याआधी प्रधान कसे खाकरतात आणि डोळे मिटून कशी मान डोलावतात. दिग्दर्शिका चित्रलेखाबाईंनी दुसऱ्या दिवशी त्यालाच धोतर नेसवून उभं केलं.

"अहो, नोकरी घालवाल," बायको मालती म्हणाली. "म्हातारपणी कसली सोंगं सुचतात!"

एका प्रसंगात प्रधान समारंभाहून घरी येतो. तिथे काय करायचं ते लिहिलेलंच नव्हतं. निबारण जरा थांबला, मग त्याने दोन कपांत चहा ओतला. एक प्यायला. दुसरा समोरच्या रिकाम्या पाटापुढे निवू दिला आणि अंगणातल्या तुळशीपाशी ओतून आला.

पौषातल्या एका दुपारी शाळेच्या खिडक्यांना चादरी लावून सिनेमा दाखवला. पहिल्या रांगेत गळ्यात हार घातलेले प्रधान. मागे हसून हसून लोकांची पोटं दुखत होती आणि दाराशी उभा निबारण प्रधानांच्या पाठीकडे बघत होता. दोन कपांपाशी मात्र सगळे गप्प झाले. प्रधानांची बायको जाऊन चार वर्षं झाली होती, हे गावाला ठाऊक होतं. चहाचं कुणालाच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी प्रधानांच्या घरून बोलावणं आलं. निबारण राजीनामा लिहूनच गेला.

"चहाचं कधी पाहिलंस?" प्रधानांनी विचारलं.

"रोजच, बाबू. छत्री ठेवायला अंगणात यायचो ना."

"कुणाला बोलला नाहीस ते?"

"नाही. तिथे कॅमेऱ्यापुढे काय करावं सुचेना, तर हात आपोआप तसेच चालले. चुकलं माझं."

प्रधानांनी खिडकीबाहेर पाहिलं. मग खाकरले. निबारणला वाटलं, आता आश्वासन येणार. पण ते एवढंच म्हणाले, "बस. उभा का?"

सव्वीस वर्षांत त्या खोलीत तो पहिल्यांदाच बसला. प्रधानांनी मुरमुऱ्यांची वाटी मधे सरकवली, आणि दोघं खात राहिले.