तीन वह्या आणि एक पोपटी

रोह्याजवळच्या कृष्णाबाई पन्नास वर्षं शेतात पोपटी लावतात. भाताच्या मागून आलेल्या वालाच्या शेंगा त्या मडक्यात भरतात, तोंडाला भांबुर्ड्याचा पाला कोंबतात आणि मडकं पालथं घालून भोवती जाळ करतात.

दोन वर्षांमागे विद्यापीठातले एक सर येऊन पाला घेऊन गेले. गेल्या वर्षी तिथल्याच एका मॅडमनी पोपटीची गाणी रेकॉर्ड केली. यंदा त्याच विद्यापीठातली विद्यार्थिनी स्पृहा आली. जाळाभोवती कोण कुठे बसतं, एवढंच तिला लिहायचं होतं.

"आधीची दोघं तुझ्या वळखीची हायत?" कृष्णाबाईंनी विचारलं.

"नाही आजी. त्यांचे विभाग वेगळे आहेत, खालच्या मजल्यावर."

कृष्णाबाईंचं डोकं फिरलं.

"एका जिन्यानं चढता-उतरता, नि एकमेकांना विचारत नाय? पाला खुडताना गाणं म्हनायचं, नि ज्यानं पाला आणला त्यानंच जाळापाशी बसायचं, ही आमची रीत हाय. तीन वर्सं मी तेच सांगतेय, नि तुमी जो तो आपला तुकडा उचलून पळताय."

तोवर शेंगा शिजल्या होत्या, मडकं सुपात रिकामं केलं होतं. स्पृहाने वही मिटून हात पुढे केला. कृष्णाबाईंनी शेंगांचं सूप मागे ओढलं.

"त्या दोघांना घेऊन ये गो. एकटीला शेंग मिळायची नाय."