तळमजल्यावरच्या नटीला मिळालेली भूमिका

मस्कतच्या मदिनत सुलतान काबूस भागात आम्ही राहत होतो तेव्हा तळमजल्यावर एक वेल्श आजी राहायच्या. सगळं आयुष्य नटी म्हणून काढलेलं, पण नायिका कधीच नाही. "नायकाने बेल वाजवली की दार उघडणारी बाई मी," त्या सांगायच्या. "नाहीतर नर्स. वाईट बातमी देऊन निघून जायचं." नवऱ्याच्या नोकरीपायी मस्कतला आल्या. पुढे नवऱ्याला पक्षाघात झाला आणि इथेच अडकल्या.

मीही नवऱ्याच्या व्हिसावर आलेली. नोकरी करता येत नव्हती. मुलगी शाळेतून आली की इंग्रजीत बोलायची, नवरा आला की झोपायचा. बाहेर असा उकाडा की दुपारी गॅलरीतसुद्धा उभं राहवत नसे. मग मी खाली आजींकडे जाऊन बसायचे.

एके दिवशी त्यांनी दार उघडलं तेच धापा टाकत. वेल्समधल्या एका मालिकेत आईची भूमिका होती. वेल्श भाषेत, आणि सगळ्या भागांत. निवडीसाठी मोबाइलवर एक प्रवेश चित्रित करून पाठवायचा होता.

"प्रवेशातल्या मुलीची वाक्यं तू म्हणशील?"

"आंटी, मला वेल्श कुठे येतं?"

"मी सांगते तसं लिहून घे."

मी देवनागरीत लिहून घेतलं. त्यांच्यात एक उच्चार आहे, ल म्हणता म्हणता जिभेच्या कडेने हवा फुंकायची. तो जमेपर्यंत आम्ही दोघी हसून हसून बेजार झालो.

पण चित्रीकरण सुरू झालं की आतल्या खोलीतून काका, म्हणजे आजींचे यजमान, हाक मारायचे. आजी डोळ्यांआड झाल्या की ते घाबरत. प्रवेश रंगात यायचा, हाक यायची, आजी उठून जायच्या. शेवटी मी त्यांची चाकाची खुर्ची बाहेर आणली आणि मोबाइलच्या मागे लावली. आजींनी त्यांच्याकडे बघतच सगळा प्रवेश केला. मुलगी घर सोडून निघालीय आणि आई तिला अडवत नाही, एवढंच त्यात होतं. मला शब्द कळत नव्हते, तरी कागद सोडून मी आजींकडेच बघत राहिले, माझं वाक्य उशिरा म्हटलं.

भूमिका मिळाली. दोन महिने तिकडे राहावं लागणार होतं.

"तुम्ही जा. काकांना मी बघते," मी म्हणाले.

आधी एक दिवस करून पाहू, असं ठरलं. आजी दीड-दोन तासांवरच्या इब्रा गावी मैत्रिणीकडे गेल्या. सकाळ बरी गेली. मग काकांनी जेवणाचं ताट ढकललं. दाराकडे बोट दाखवून आजींचं नाव घेत राहिले. पाणीसुद्धा घेईनात. रडू लागले, तेव्हा मी घाबरून आजींना फोन लावला. आजी आल्या, पर्ससुद्धा खाली न ठेवता त्यांच्याजवळ बसल्या. काकांनी त्यांची बाही मुठीत धरली.

त्याच आठवड्यात आजींनी मालिकेला नकार कळवला. मला राग आला. माझा कुठे संबंध होता, पण आला.

"जायचं होतं ना तुम्ही! सवय झाली असती त्यांना."

"मला ओळखेनासा झाला की जाईन," त्या म्हणाल्या. "आज तो माझं नाव घेतो."

"आणि तोवर?"

त्या स्वयंपाकघरात जाऊन बराच वेळ नळ सोडून उभ्या राहिल्या. मी वर आले. आमच्या घरात एसीचा तेवढा आवाज होता. मला माझ्या आईशी बोलावंसं वाटलं, पण फोन हातात धरून नुसती बसले.

मालिका आली तेव्हा आम्ही मस्कतमध्येच अल खौदला राहायला गेलो होतो. पहिला भाग पाहायला आजींनी मला बोलावलं. त्या भूमिकेत दुसरीच बाई होती.

"चांगली आहे," आजी म्हणाल्या. थोड्या वेळाने म्हणाल्या, "पण घाई करते."

तेवढ्यात आतून हाक आली. त्यांनी टीव्ही बंद केला आणि गेल्या. परत आल्या तेव्हा चहाचा ट्रे होता हातात. टीव्ही त्यांनी पुन्हा लावला नाही.

उरलेले भाग मी घरी एकटीने पाहिले. तो घर सोडून जाण्याचा प्रवेश अगदी शेवटी होता, आणि त्यातली मुलीची वाक्यं मी टीव्हीबरोबर म्हटली.