हरिचंद्राची जीभ

चिखलोलीच्या आमच्या इमारतीत पाच पदवीधर अभियंते राहतात. तरीही जिन्यातली भिंत ओली का राहते, हे शोधायला वर्ष लागले. पाचांचेही मत गच्चीवरच्या टाकीवर एकवटले होते. तळमजल्यावरचा हरिचंद्र, शिक्षण सातवी नापास, याने ओघळात बोट बुडवून ते जिभेला लावले आणि सांगितले की हे टाकीचे नव्हे, बोअरवेलचे पाणी आहे. सगळे हसले. टाकी दोनदा दुरुस्त करून झाल्यावर भिंत फोडली, तेव्हा आत बोअरवेलचीच नळी फुटलेली निघाली. त्यानंतर त्याची क्षमा मागावी असे कोणालाही वाटले नाही. आमच्याकडची विद्वत्ता चुकते तेव्हाच तेवढी मौन पाळते.

हरिचंद्राचे वडील खाडीकाठच्या मिठागरात राबले. एका वाफ्यातले पाणी दुसऱ्या वाफ्यात केव्हा सोडायचे, हे तिथे जिभेवर ठरे. त्यामुळे त्या घरात पाण्याला, त्यांच्या बोलीतल्या ‘तो पानी’ला, दोन नावे होती. नुसते खारट ते ‘खारा’. तसे पाणी एखाद्या विहिरीलाही, त्यांच्या ‘ईरी’लाही, लागते. ज्याच्यामागे खाडी आहे, जे उन्हात ठेवले तर तळाशी मीठ सोडेल, ते ‘मिठाचा’. या भेदावर त्यांची पोटे चालली. मिठागर बंद पडल्यावर हे कुटुंब जनीच्या, म्हणजे हरिचंद्राच्या बायकोच्या, माहेरी इकडे आले. अंबरनाथच्या एका कारखान्यात पंप चालवता चालवता हरिचंद्राचे केस पिकले आणि एक दिवस कारखान्यालाही कुलूप लागले. तेव्हा खाडीखालून जाणाऱ्या रेल्वेच्या बोगद्यावर एका उपकंत्राटदाराने त्याला पंपावर घेतले. त्या उपकंत्राटदाराचे नाव मी लिहीत नाही, कारण शाईलाही काही किंमत असते.

खाडीखाली बोगदा खोदणे म्हणजे डोंगर पोखरणे नव्हे. दोनशे वर्षांपूर्वी लंडनच्या नदीखालून पहिला बोगदा नेला गेला, तो जहाजाचे लाकूड पोखरणाऱ्या किड्याकडून शिकून. तो किडा पुढे कोरत जातो आणि मागची वाट चुन्याने लिंपत जातो. त्या बोगद्यातही नदी पुन्हापुन्हा शिरली. जपान्यांनी सामुद्रधुनीखालून रेल्वे नेली, तेव्हा समुद्र चार वेळा आत आला. त्यातून जगाने एक नियम घेतला: सुरुंग लावण्याआधी पुढच्या खडकात लांब, बारीक भोक पाडायचे आणि त्यातून येणारे पाणी कोणते ते पाहायचे. पाणी गोडे असेल तर ते खडकात अडकलेले. उपसले की संपते. समुद्राचे असेल तर भेगेचे दुसरे टोक खाडीत आहे. मग सिमेंटचे पातळ मिश्रण दाबाने भरून भेग बुजवल्याशिवाय पुढे सरकायचे नाही, कारण खाडी उपसून संपत नाही. हे सारे पुस्तकात आहे. आमच्याकडे पुस्तके परीक्षेपुरती उघडतात.

एका सकाळी अशाच भोकातून पाणी आले. नमुना प्रयोगशाळेकडे रवाना झाला. अहवालाला आठवडा लागणार होता आणि तेवढा धीर कोणाला नव्हता. वर कार्यालयात बसलेल्या मुकेश नावाच्या तरुण अभियंत्याने वॉकी-टॉकीवर विचारले, “चाचा, पानी कैसा है?” हरिचंद्राने चाखले आणि नेमका शब्द वापरला: “मिठाचा हाय.”

पंपांच्या घरघरीत मुकेशला ऐकू आले, ‘मीठा-सा है.’ हिंदीत मीठा म्हणजे गोड. त्याने नोंदवहीत लिहिले, ‘पंपचालक के अनुसार पानी मीठा.’ महाराष्ट्रात चार वर्षे पगार घेऊन या गृहस्थाला मीठ हा शब्द भेटला नव्हता. त्याचे जेवण बहुधा अळणी असावे.

भेग न बुजवताच काम पुढे गेले. तिसऱ्या दिवशी सुरुंग उडाला आणि खाडी गुडघाभर आत आली. माणसे सुखरूप बाहेर पडली, ती हरिचंद्राने पंप सोडला नाही म्हणून. दोन पंप बुडाले आणि काम बारा दिवस बंद राहिले. नवव्या दिवशी प्रयोगशाळेने पाणी समुद्राचे असल्याचे सविस्तर कळवले. दोष कोणाचा हे ठरवायला नोंदवही होतीच. खोटी माहिती दिल्याबद्दल हरिचंद्राला घरी बसवण्यात आले.

चौकशीला मी त्याच्याबरोबर गेलो. त्याची बाजू मी शुद्ध मराठीत दोन पानी लिहून दिली होती. ती वाटेत ऐकून त्याने एवढेच विचारले की यात मीठ कुठे आहे. मी ‘लवणयुक्त जल’ असे लिहिले होते. तो शब्द मी रिक्षातच खोडला.

चौकशी अधिकारी आमचेच, मराठी, उच्चशिक्षित. मीठ आणि मीठा यांतला फरक मी समजावला तेव्हा त्यांनी घड्याळाकडे पाहिले. सरळ ‘खारा’ म्हणायला काय झाले होते, असे त्यांनी हरिचंद्राला विचारले.

“खारा तर ईरीचा पानी पन असतो, सायेब,” हरिचंद्र म्हणाला. “ह्यो मिठाचा व्हता.”

साहेबांनी टंकलेला कागद पुढे केला. त्यावर एकच ओळ होती: ‘माझ्या सदोष उच्चारामुळे गैरसमज झाला.’ सही केली की उद्यापासून कामावर. मुकेश खिडकीबाहेर पाहत होता. घरी जनीने बजावले होते की मिळेल त्या अटीवर काम घेऊन या. हरिचंद्राने कागद मला वाचायला लावला आणि मग साहेबांपुढे परत सरकवला.

“माजी जीभ दोनच कामा करते. चाखते नि बोलते. दोनी तिनं बरोबर केली. सई कशाची करू?”

नोकरी गेली.

कार्यालयाने मात्र धडा घेतला, म्हणजे पाण्याची क्षारता मोजणारे परदेशी यंत्र घेतले. ते तिसऱ्या महिन्यात बिघडले. त्यानंतर एका दुपारी मुकेश मोटारसायकलवरून चिखलोलीत उतरला. एका हातात पाण्याची बाटली, काखेत नोंदवही. नव्या भोकातून पाणी आले होते आणि अहवालाला पुन्हा आठवडा होता. ओट्यावर उभा राहून त्याने खालच्या आवाजात विचारले, “चाचा, जरा चखोगे?”

जनी दारातून म्हणाली की यंत्राला जीभ नाही वाटतं. हरिचंद्राने बाटली उघडली, पाणी चाखले आणि बाटली मुकेशच्या हातात दिली.

“आता तुमी.”

मुकेशने घोट घेतला आणि अंगणात थुंकला. वही उघडून त्याने लिहिले, ‘पानी खारा.’ हरिचंद्राने त्या शब्दावर बोट ठेवले आणि तो खोडायला लावला. मग एकेक अक्षर सांगत, मुकेशच्याच हातून, मराठीत लिहून घेतले: मिठाचा.